जुने हातातले व्हिडिओ गेम जपताना: सेल, सेव्ह आणि कायदा

माळ्यावरच्या ट्रंकेत ब्रिक गेम किंवा गेम बॉय सापडला, तर तो चालू करून पाहण्याआधी मागचे झाकण उघडून सेल काढावेत. खानापूरकडच्या पावसाळ्यात भिंतींनाही ओल धरते, तिथे आत राहिलेला सेल फार काळ धड राहत नाही. अल्कलाइन सेल गळला की पोटॅशियम हायड्रॉक्साइड बाहेर येते आणि स्प्रिंगवर पांढरट थर चढतो. व्हिनेगर किंवा लिंबाचा रस जेमतेम लावलेल्या कापसाच्या काडीने तो पुसावा, मग आयसोप्रोपिल अल्कोहोल फिरवून पूर्ण वाळू द्यावे. मी एकदा घाईत तो थर चाकूने खरवडला आणि स्प्रिंगच तुकडा होऊन हातात आली.

खरी जोखीम कॅसेटच्या, म्हणजे खेळ साठवलेल्या आणि यंत्रात खोचायच्या डबीच्या, आत असते. १९८९ साली आलेल्या गेम बॉयच्या, सेव्हची सोय असलेल्या अनेक कॅसेटींत नाण्याएवढा लिथियम सेल डाखलेला असतो, आणि खेळ कुठवर आला आहे हे लक्षात ठेवणारी रॅम त्याच्याच जोरावर टिकते. सेल संपला किंवा काढला की सेव्ह पुसला जातो. दादाने पंधराव्या वर्षी खेळाडूला दिलेले नाव मग परत मिळत नाही. म्हणून सेल बदलण्यापूर्वी यूएसबीच्या कॅसेट रीडरने सेव्ह आणि खेळ दोन्हींची प्रत संगणकावर घ्यावी. कॅसेटचा स्क्रू ३.८ मिलीमीटरच्या खास पान्यानेच उघडतो. नवा सेल पट्ट्या जोडलेलाच आणावा, कारण थेट सेलवर डाख देणे धोक्याचे असते.

प्रत काढणे गुन्हा आहे का, असे बरेच जण विचारतात. कॉपीराइट कायदा केंद्राचा असल्याने बेळगावला आणि कोल्हापूरला उत्तर एकच आहे. १९५७ च्या या कायद्याचे कलम ५२ प्रोग्रामची प्रत कायदेशीरपणे बाळगणाऱ्याला नाश किंवा हानीपासून तात्पुरते संरक्षण म्हणून, आणि मूळ कामासाठीच वापरायची, अशी बॅकअप प्रत काढू देते. ती मित्राला देण्याची मुभा त्यात नाही. बाजारातल्या नकली ‘अनेक खेळ एकात’ कॅसेटीला ही सवलत लागू धरणे मला धाडसाचे वाटते. खेळ आता कुठेच विकत मिळत नाही, एवढ्यावर इंटरनेटवरून तो उतरवून घेणे कायदेशीर ठरत नाही. १९८९ च्या खेळाचा हक्क २०४९ संपेपर्यंत तरी चालू राहील. नंतरच्या यंत्रांत कुलूपबंद संकेतन, म्हणजे प्रत काढता येऊ नये म्हणून घातलेले डिजिटल कुलूप, असते, आणि हक्कभंगाच्या हेतूने ते तोडल्यास कलम ६५अ नुसार दोन वर्षांपर्यंत कैद होऊ शकते.

यंत्र, कॅसेट आणि सिलिका जेलची पुडी घट्ट झाकणाच्या डब्यात ठेवावी, आणि सेल कधी बदलला ती तारीख चिठ्ठीवर लिहून आत टाकावी.