आधी टेप खाली ठेवा

ठाण्याजवळ कळव्यात, खारेगावच्या अंगाला माझं शिवणकामाचं दुकान आहे. दहा बाय बाराची जागा, दोन मशीन, एक ओव्हरलॉक आणि ट्रायलचा पडदा. बाबांच्या वेळेपासून मापाच्या दोन वह्या चालत आल्या: निळी जेंट्सची, लाल लेडीजची. उंबऱ्यात कुणी आलं की कुठली वही उचलायची ते हाताला आपोआप कळायचं. चार वर्षांपूर्वी तो हात चुकला.

एक कॉलेजचं पोर शर्ट शिवायला आलं. केस बारीक कापलेले, आवाज कोवळा. मी लाल वही काढली आणि "ये ताई, इकडे उभी राहा" म्हणत टेप छातीवर नेला. पोरानं अंग चोरलं. जाताना म्हणालं, "मी शुक्रवारी येतो." कोल्हापूरकडच्या बायकाही 'मी येतो' म्हणतात, त्यातलंच काही असेल असं वाटून मी हसले. दुकानात बसलेल्या दोघी-तिघीही हसल्या. शुक्रवारी कुणी आलं नाही. शर्ट दोन महिने हँगरला लटकून राहिला, ॲडव्हान्सही न्यायला कुणी आलं नाही.

"आमची पुतणी म्हणते मी मुलगा आहे, कसं वागायचं गं?" असं आता बायका मला विचारतात. त्यांना जे सांगते तेच इथे लिहिते.

पहिलं म्हणजे क्रियापद ऐका. मराठीत माणूस 'मी' म्हणाला की पुढच्या शब्दात स्वतःबद्दल सांगून टाकतो. आलो की आले, करतो की करते. त्या पोरानं मला सगळं एका 'येतो'मध्ये सांगितलं होतं. माझं लक्ष टेपवर होतं.

काहीच कळत नसेल तर आपल्या भाषेत सोयी आहेत. 'तू कधी आलास' आणि 'आलीस' वेगळं, पण 'तुम्ही कधी आलात' सगळ्यांना चालतं. 'मी येईन', 'आम्ही येतो', 'त्यांनी कापड दिलं', यात बाई-पुरुष कळतच नाही. म्हणून अनोळखी माणसाला 'अहो-तुम्ही' करा आणि समोरचा स्वतःबद्दल कसं बोलतो तसं आपण बोला. आमच्या धंद्यात 'गिऱ्हाईक आलं, गिऱ्हाईक गेलं' म्हणायची मुभा आहे, पण मोठ्या माणसाला तोंडावर 'ते आलं' म्हणू नका. वस्तूसारखं वाटतं. चूक झाली तर लगेच सुधारून पुढे बोला. पाच मिनिटं माफी मागत बसलात तर त्यालाच तुमची समजूत काढावी लागते.

दुसरं, चार गोष्टींची गाठोडी वेगळी करा. जन्मल्यावर सुईणीनं किंवा डॉक्टरनं जे पाहिलं ते शरीर. तेही दरवेळी दोनच साच्यांत बसत नाही, काही बाळं इंटरसेक्स असतात. आपण कोण आहोत हे आतून जे माहीत असतं ती ओळख. कुणी काय ल्यावं, काय रांधावं, कुठं रडू नये, हे लोकांनी ठरवलेलं ती भूमिका. आणि मन कुणावर जडतं तो कल, त्याचा बाकी तिघांशी बांधलेला हिशेब नाही. बुलेट चालवणारी आणि पोळी न येणारी मुलगी मुलगीच असते, तिनं भूमिका मोडली, ओळख नाही. बालगंधर्वांनी रंगभूमीवर वर्षानुवर्षं स्त्रीभूमिका केल्या, घरंदाज बायका त्यांच्यासारखं पातळ नेसायला लागल्या, तरी ते स्वतः, नारायणराव राजहंस, पुरुष म्हणूनच जगले. उलट ट्रान्स पुरुषाचं असतं. लोकांनी त्याला बाईची भूमिका लहानपणापासून दिलेली असते, ओळख मात्र पुरुषाची असते. त्यात सोंग असेल तर ते आपण लादलेलं.

भूमिका म्हणजे काय ते मला कापडातून चांगलं कळतं. बाळाला झबलं शिवताना 'मुलगा की मुलगी' कुणी विचारत नसे. बाळ ते, झबलंही ते. आता पहिला प्रश्न रंगाचा येतो, जणू गुलाबी रंग मुलींबरोबरच जन्माला आला. १९१८ साली अमेरिकेत कपड्यांच्या व्यापाराच्या एका मासिकात मुलग्यांना गुलाबी आणि मुलींना निळा असा सल्ला छापला होता! शर्टाची बटणं पुरुषांची उजव्या बाजूला, बायकांची डाव्या. का, असं विचारलंत तर दहा टेलर दहा गोष्टी सांगतील. बायकांच्या कुर्त्याला खिसा का नाही, हे तर मला बायकाच विचारतात. कुणी न सांगताच मी लावते, वर पैसे घेत नाही.

कामाचंही तेच. ठाण्यात चेंदणी कोळीवाड्यात लहानपणी मी पाहिलंय, मासळी विकणारी, भाव करणारी आणि पैसे कनवटीला लावणारी कोळीण. आमच्या घरी मात्र एकाच मशीनवर बाबा शिवायचे तो 'धंदा' आणि आई शिवायची तो 'हातभार'. मशीन तेच, दोराही तोच! २०१९ च्या सरकारी पाहणीत घरकाम करणाऱ्या बायकांचा त्यात दिवसाला सरासरी २९९ मिनिटं वेळ जातो असं निघालं, आणि घरकाम करणाऱ्या पुरुषांचा ९७. तुम्हीही आठवडाभर फ्रिजवर कागद चिकटवून मिनिटं लिहा. आमच्याकडे कागद बुधवारीच गायब झाला. कुणी काढला ते मला माहीत आहे. गिऱ्हाइकांच्या वीस शर्टांना इस्त्री करणारा माणूस स्वतःच्या शर्टासाठी "अगं" अशी हाक मारतो.

तिसरं, काय विचारू नये. ऑपरेशन झालं का, आधीचं नाव काय, हे विचारू नका. तुम्हाला कुणी गर्भपिशवीबद्दल टपरीवर विचारलं तर चालेल का? १५ एप्रिल २०१४ च्या निकालात सुप्रीम कोर्टानं आपली लिंगओळख ठरवण्याचा हक्क ज्याचा त्याचा मानला आणि ऑपरेशनचा आग्रह धरू नये असंही म्हटलं. त्या खटल्यात बाजू मांडणाऱ्यांमध्ये लक्ष्मी नारायण त्रिपाठी होत्या, आपल्या ठाण्याच्याच. २०१९ च्या कायद्यानं ओळखपत्राचं काम जिल्हाधिकाऱ्यांकडे दिलं. कोर्टनाक्याच्या जिल्हाधिकारी कार्यालयात खेटे घालण्याआधी चालू नियम नीट वाचून घ्या.

आपल्याच घरातलं मूल ट्रान्स असेल तर बुवा-बाबा आणि 'बरं करून देतो' म्हणणारे, दोघांनाही लांब ठेवा. जागतिक आरोग्य संघटनेनं २०२२ पासून लागू झालेल्या आजारांच्या यादीत ट्रान्स असणं मानसिक आजारांतून बाहेर काढलंय. असे 'उपचार' करणं हे डॉक्टरचं गैरवर्तन, असं राष्ट्रीय वैद्यकीय आयोगानंही त्याच वर्षी सांगितलं. मूल गप्प गप्प असेल, जीव नकोसा झाल्याचं बोलत असेल तर टेलि-मानसचा १४४१६ नंबर लावा, फुकट आहे. आणि छाती दिसू नये म्हणून क्रेप बँडेज किंवा चिकटपट्टी आवळून बांधत असेल तर ते थांबवा, श्वासाला त्रास होतो, बरगड्या दुखावतात. ओरडू मात्र नका. त्यापेक्षा शर्ट नीट शिवून द्या: टक्स नकोत, छातीला दीड-दोन इंच जास्त सैलपणा, बारीक चौकड्यांचं जरा जाड कापड आणि दोन्हीकडे फ्लॅपचे खिसे. बाईसारखा ब्लाऊज हवा असलेल्या रुंद खांद्याच्या गिऱ्हाइकाला फुग्याची बाही देऊ नका, गळा थोडा खोल घ्या.

हे मला त्या पोरानंच शिकवलं. दोन महिन्यांनी ते परत आलं, तेव्हा मी टेप गळ्यातून काढून टेबलावर ठेवला आणि विचारलं, "माप मी घेऊ, की तुम्ही घेऊन मला सांगता?" पडद्याआड जाऊन त्यानं स्वतः माप घेतलं आणि आकडे ओरडून सांगितले. मुंढ्याचं, म्हणजे बाही जोडतो तिथलं, चुकलं, पण तिथे कुणाचंही चुकतं. दोन्ही वह्या संपल्यावर मी एकच जाड वही आणली.

गेल्या दिवाळीच्या आधी त्याची आई आली, स्वतःचा ब्लाऊज टाकायला. शर्टाचं कापडही बरोबर होतं. "वहिनी, कुणाचं?" असं मी विचारलं. "तिचं..." म्हणाली, थांबली, "त्याचं..." परत थांबली. मग म्हणाली, "आमच्या पोरग्याचं. पोरगं येईल न्यायला."

पोरगं. मी पावतीचं पुस्तक ओढलं आणि विचारलं, "नाव काय टाकू?"

तिनं जरा वेळ रस्त्याकडे बघितलं. "आडनावच लिही गं."