काहीच जागेवर राहत नाही अशा गावाची गोष्ट लिहायलात? मग या चुका टाळा

आम्ही लातूरला सात-आठ जण महिन्यातून एकदा गोष्टी वाचून दाखवायला बसतो, आणि गेल्या वर्षभरात बघतोय की निम्म्या पोरापोरींना एकाच विषयानं धरलंय, असं गाव जिथं काहीच पक्कं नाही, सकाळी विहीर वडाखाली तर संध्याकाळी मारुतीच्या मागं, माणूस रानातून घरी येतो तर दार भलत्याच भिंतीला. विषय लई भारी आहे. मला मनापासून आवडतो म्हणूनच जीव तुटतो, कारण गोष्टी त्याच त्याच ठिकाणी फसायल्यात.

सगळ्यात मोठी चूक म्हणजे सगळंच एकदम हलवून टाकणं. एका पोरानं गोष्ट आणली, पहिल्याच पानावर नदी आभाळात, बैलाचा झाला दगड, माय झाली झाड, दुसऱ्या पानावर परत सगळं उलटं. तिसऱ्या पानाला ऐकणारे मोबाईल बघायला लागले. तो विचारायला लागला काय चुकलं, तर मी त्याला आपला जुना दृष्टांत सांगितला, अंधारात दोरी साप वाटते तो. अंबाजोगाईला मुकुंदराजांची समाधी आहे, अद्वैताचा विचार आपल्या मातीला काही नवा नाही, आणि हा दृष्टांत तर कीर्तनात बसलेल्या म्हातारीलाही माहीत असतो. पण लिहिणाऱ्यानं त्यातली दोरी बघावी. खाली दोरीच नसली तर साप कशावर दिसणार? वाचकाच्या हातात आधी दोरी द्या, मग तिला हलवा.

म्हणजे कसं, तर एकच वस्तू घ्या. माझं ऐकाल तर बांध घ्या. दोन भावांची जमीन, मधी बांध, आणि तो बांध रात्रीतून सहा पावलं सरकतो. आता एक एकर म्हणजे 40 गुंठे हे आपल्या वाचकाला पाढ्यासारखं पाठ आहे, त्यामुळं दोन गुंठे गेले म्हटलं की त्याच्या पोटात खड्डा पडतो, त्याला वेगळं समजावून सांगावं लागत नाही. मोजणी आणली. सातबारा बरोबर, नकाशा बरोबर, हद्दीचा दगड पण जिथल्या तिथं, आणि तरी थोरल्याच्या तुरीची चार तासं धाकट्याच्या रानात उभी, शेंगा भरलेल्या. तोडायच्या कुणी? इथं गोष्ट सुरू होते.

ह्यालाच लागून दुसरी चूक. पात्रं लगेच मान्य करून टाकतात की काहीतरी चमत्कार आहे. अहो, आपल्याकडं बांध सरकला तर पहिला संशय भावावर जातो, रातच्याला कोरला म्हणून! मग संशय मोजणीवाल्यावर, मग स्वतःच्या डोळ्यावर, आणि जमिनीवर तर सगळ्यात शेवटी. ह्या पायऱ्या गाळू नका, दोन भावांचं बोलणं बंद होणं, पोळ्याला एकमेकांच्या दारावरून बैल न नेणं, हे सगळं त्या पायऱ्यांवरच घडतं.

तिसरी, सगळं डोळ्यानंच लिहिणं. "त्याला समोर वेगळंच दिसलं" हे वाक्य एका गोष्टीत मी नऊ वेळा मोजलं. दौलताबादच्या किल्ल्यात अंधारी आहे, खडकात कोरलेली वळणावळणाची काळोखी वाट, शत्रूचा गोंधळ उडावा म्हणूनच केलेली. बॅटरी बंद करून दोन मिनिटं उभं राहून बघा, वटवाघळांचा वास, पायाला न सापडणारी पुढची पायरी, भिंतीवर ठेवलेला हात. वाट तिथंच असते हो, आपण निसटतो. आमचे आजोबा चकव्याचं सांगायचे, आखाड्यावरून निघालेला माणूस रातभर त्याच बाभळीला येऊन धडकायचा, आणि त्यांचं म्हणणं एकच, चालू नको, बस, फटफटू दे. 2009 साली जर्मनीतल्या संशोधकांनी माणसांना जंगलात आणि सहारा वाळवंटात चालवून बघितलं, तर सूर्य किंवा चंद्र दिसत नव्हता तेव्हा माणसं सरळ चालतोय असं समजून गोल फिरली. चकवा लिहायचा तर ही खात्री लिहा, की मी सरळच चाललोय.

आता एक गोष्ट जपून सांगतो. जमीन हलणं हे आपल्या भागात नुसती कल्पना नाही. 30 सप्टेंबर 1993 ला पहाटे किल्लारी, सास्तूर भागात लोक गणपती बुडवून येऊन झोपलेले आणि दगडमातीच्या जाड भिंती, वरची माळवदं अंगावर आली. पिढ्यानपिढ्या जी भिंत म्हणजे आधार, तिच्याखालीच हजारो माणसं गेली. गावं दुसरीकडं वसली, आता जुनं गाव आणि नवं गाव असं बोलायची सवय झालीय. तुमच्या गोष्टीत भिंत सरकत असेल तर वाचणाऱ्यात अशी कुणाची तरी आजी असणार जी नंतर कित्येक वर्षं छताखाली झोपली नाही. भिंत लिहू नका असं म्हणत नाही, पण मजेखातर सरकवू नका.

बाकी छोटं छोटं. शेवटी "जाग आली" करू नका, वाचक माफ करत नाही. वस्तू कधी हलते आणि कधी नाही ह्याचा नियम वाचकाला सांगितला नाही तरी चालेल पण तुमच्या वहीत तो पाहिजे.

आणि गोष्ट अडकलीच तर घरातल्या कुणालातरी वाचून दाखवा आणि कागद देऊन गाव काढायला सांगा. मारुती कुठं, पांदण कुठून, विहीर सुरुवातीला कुठं होती. त्याला काढता नाही आलं तर बिघाड पहिल्या पानात आहे, शेवटाशी झटत बसू नका.

त्या पोरानं हेच केलं. नदी, बैल, झाड सगळं जागेवर ठेवलं, फक्त विहीर हलती ठेवली. परवा वाचली त्यानं. त्यात माय पहाटे घागर घेऊन उंबऱ्यात येते आणि पाऊल टाकायच्या आधी उभी राहून ऐकते, आज रहाटाची करकर कुठल्या अंगानं येतीय.