पफिन बघायला फार्न बेटांवर निघालात? या चुका टाळा

मे महिना लागला की आमच्या मित्रमंडळींच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर एक प्रश्न हमखास येतो: "ते रंगीत चोचीचे पफिन पक्षी नक्की कुठे दिसतात?" इंग्लंडच्या ईशान्य किनाऱ्यावर, नॉर्थम्बरलंडमध्ये सीहाउसेस नावाचं लहानसं बंदर आहे. तिथून बोटी फार्न बेटांकडे सुटतात. भरती-ओहोटीप्रमाणे ही बेटं कधी १५ मोजावीत, कधी २८. उन्हाळ्यात त्यांच्यावर पफिन, गिलेमॉट, रेझरबिल, किटिवेक, शॅग आणि सुरय (टर्न) या समुद्रपक्ष्यांची इतकी दाटी होते की खडक विष्ठेने पांढरे पडतात. २०२४ च्या गणनेत एकट्या पफिनच्या सुमारे ५० हजार जोड्या होत्या.

मी न्यूकॅसलला राहतो. त्यामुळे लंडन, लेस्टर, स्लाउ कुठूनही कोणी निघालं की आधी मला फोन येतो. मी सगळं सांगतो. लोक ऐकून घेतात आणि तरी त्याच चुका करतात. म्हणून एकदाचं लिहून ठेवतोय.

पक्ष्यांऐवजी शाळेचं कॅलेंडर बघणं

सगळ्यात जास्त हळहळ मला या चुकीची वाटते. पफिन वर्षातला बराच काळ भर समुद्रात काढतो. जमिनीवर येतो तो फक्त पिल्लू वाढवायला. मार्चअखेर-एप्रिलमध्ये यायला लागतो, बिळात एकच अंडं घालतो, ते सुमारे ४० दिवस उबवतो, मग पिल्लाला मासे भरवतो. जुलै सरता सरता बेट रिकामं. गिलेमॉट तर त्याच्याही आधी जातात. आणि इंग्लंडमधल्या शाळांना उन्हाळ्याची सुट्टी लागते जुलैच्या शेवटच्या आठवड्याच्या आसपास! म्हणजे मुलं मोकळी होतात तेव्हा पक्षी निघून गेलेले असतात.

लेस्टरच्या एका ओळखीच्या कुटुंबाने ऑगस्टच्या मध्यावर बुकिंग केलं. सांगलीहून आजी-आजोबा आले होते, दोन्ही नातवंडांनी पफिनची चित्रं काढून फ्रीजवर लावली होती. मी म्हटलं, "दादा, ऑगस्टमध्ये पफिन नसतात." ते म्हणाले, "पण वेबसाइटवर बोटी चालू दिसतायत की." बोटी चालू असणारच, त्या सीलही दाखवतात. चार तास गाडी चालवून मंडळी आली. मीही सोबत गेलो. बोट कड्यांजवळ गेली, गाइडने समोरच्या पांढऱ्या पट्ट्यांकडे हात करून सांगितलं की महिन्यापूर्वी इथे पाय ठेवायला जागा नव्हती. धाकटीने बाबांना विचारलं, "मग आपण आत्ता का आलो?" सील दिसले, पंख पसरून बसलेले शॅग दिसले, पण त्या पोरीचा चेहरा मला अजून आठवतो. आजी-आजोबांना तर पुन्हा व्हिसा काढून, तिकीट काढून, गुडघे सांभाळत यायचं. ते कधी जमणार?

उपाय शाळेच्या कॅलेंडरमध्येच आहे. मेअखेरीस आठवडाभराची हाफ-टर्म सुट्टी असते, ती पक्षी बघायला उत्तम. मला स्वतःला विचाराल तर जूनचा मध्य. तेव्हा पिल्लं अंड्यातून बाहेर आलेली असतात आणि आईबाप चोचीत माशांची झुपकी धरून दिवसभर ये-जा करतात. शनिवार-रविवार टाळता आला तर फारच छान. जूनच्या शनिवारची जागा आदल्या रात्री मिळेल या भरवशावर राहू नका.

बिळाच्या तोंडाशी उभं राहणं

याचा मला खरोखर राग येतो. आणि हे करतात ती माणसं वाईट नसतात, त्यांना फक्त घाई असते.

पफिन पारव्यापेक्षाही थोडा लहान. चोचीत सँड ईल नावाचे बारीक, लांबट मासे आडवे धरून तो समुद्रावरून येतो. त्याला एकच काम करायचं असतं: उतरायचं आणि पटकन बिळात शिरायचं. कारण आजूबाजूला गल (कुरव पक्षी) टपलेले असतात. पफिनला उतरल्यावर जितका वेळ उघड्यावर काढावा लागेल तितकी मासे हिसकावले जाण्याची शक्यता जास्त.

एकदा इनर फार्न या बेटावरच्या फळ्यांच्या वाटेवर आठ-दहा जणांचा घोळका एका बिळासमोर जमला होता. त्यात आपलीही माणसं होती. एक पफिन मासे घेऊन आला, घोळका बघून वळला, गोल फिरून परत आला, परत वळला. मोबाइल वर झाले, "आला, आला!" असा गलका झाला. चौथ्या की पाचव्या फेरीला तो दमून वाटेपलीकडे उतरला आणि क्षणात दोन गलनी त्याला घेरलं. मासे गेले. घोळक्यातल्या एका काकूंनी तो क्षण टिपला आणि आनंदाने मला व्हिडिओ दाखवला. मी त्यांना शांतपणे सांगितलं, "काकू, त्याचं पिल्लू याच बिळात आहे, तुमच्या पायापासून हातभर अंतरावर." त्या लगेच बाजूला झाल्या, बाकीच्यांनाही त्यांनीच हलवलं. माणसाला कळलं की माणूस वागतो. पण आधी कोणीतरी सांगावं लागतं.

माझी सवय अशी: पक्षी मासे घेऊन घिरट्या घालताना दिसला की मी आधी मागे बघतो, मी कोणाची वाट अडवली आहे का. अडवली असेल तर दहा पावलं सरकतो आणि तिथेच गप्प उभा राहतो. पाच मिनिटं हललं नाही की पफिन तुम्हाला विसरतात आणि इतक्या जवळून चालत जातात की झूम लागतच नाही. एका जागी थांबणाऱ्याला या बेटावर जेवढं दिसतं तेवढं पळणाऱ्याला कधीच दिसत नाही.

आणि फळ्यांवरून पाय खाली टाकायचा नाही. एक पाऊलसुद्धा नाही. जमीन आतून बिळांनी पोखरलेली असते, वरून गवत दिसतं. तुमच्या वजनाने बीळ खचतं आणि आतलं पिल्लू गाडलं जातं.

सुरय डोक्यावर आल्यावर हात झाडणं

आर्क्टिक सुरय मुठीएवढ्या अंगाचा, पण पिल्लासाठी कोणाच्याही डोक्यावर झेप घेतो आणि टोकदार लाल चोचीने टोचतो, कधी रक्तही काढतो. हा तोच पक्षी, जो इथली वीण उरकून अंटार्क्टिकापर्यंत जातो. फार्न बेटांवरच्या एका सुरयला बसवलेल्या छोट्या यंत्रातून २०१६ मध्ये कळलं की त्याने जाऊन-येऊन ९६,००० किलोमीटर प्रवास केला होता. एवढा पल्ला मारून आलेल्या जिवाला घरट्याजवळ छत्री फिरवून हाकलणारे लोक मी पाहिले आहेत. आपल्या वेंगुर्ल्यासमोरच्या खडकांवरही सुरयची वीण होते. कोकणातल्या मंडळींनी तरी त्याचा मान राखावा.

जाड टोपी घाला, पातळ सुती टोपीतून चोच लागते. तो सगळ्यात उंच भागावर येतो, म्हणून एक हात स्थिर, टोपीच्या जरा वर धरा आणि न थांबता चालत राहा. लहान मूल खांद्यावर घेऊ नका, कारण मग उंच भाग त्याचं डोकं असतं. चालताना नजर पायाशी ठेवा. अंडी वाटेच्या अगदी कडेला असतात आणि पिल्लं फळ्यांवरच येऊन बसतात. आयडर बदकाची मादीही वाटेला खेटून उबवत बसलेली दिसेल. ती हलत नाही याचा अर्थ तिला तुमचं काही वाटत नाही असा नाही. ती जवळजवळ उपाशी राहून अंडी उबवत असते, तिला उठवू नका.

तिकीट कशाचं काढलंय हेच माहीत नसणं

काही फेऱ्या बेटांभोवती फिरवून आणतात, काही बेटावर उतरवतात. उतरायचं असेल तर बेटं सांभाळणाऱ्या नॅशनल ट्रस्ट या संस्थेचं शुल्क बोटीच्या भाड्याव्यतिरिक्त द्यावं लागतं, सदस्यांना ते माफ असतं. बर्ड फ्लूमुळे २०२२ च्या उन्हाळ्यात उतरणं बंद झालं, २०२३ चा पूर्ण हंगाम तसाच गेला, २०२४ मध्ये इनर फार्न पुन्हा उघडलं. त्यामुळे काही वर्षांपूर्वी जाऊन आलेल्या मित्राच्या माहितीवर विसंबू नका. बुकिंग करताना विचारा: कोणतं बेट, किती वेळ, उतरता येणार का.

गुडघे दुखणाऱ्या आई-बाबांना न उतरणारी फेरीसुद्धा पुरते. गिलेमॉटचे कडे बोटीतूनच सगळ्यात चांगले दिसतात. पण ओहोटीला सीहाउसेसच्या धक्क्याच्या पायऱ्या बऱ्याच खाली जातात आणि निसरड्या असतात. त्यांना आधी उतरू द्या, मागून धक्काबुक्की करू नका.

बोट लागणे

आधी फिश अँड चिप्स चापून मग बोटीत बसणाऱ्यांना काय सांगावं! हलकं खा, पण उपाशी जाऊ नका. गोळी घेणार असाल तर फार्मासिस्टला विचारून, बोट सुटायच्या पुरेशी आधी घ्या. मळमळायला लागल्यावर तिचा फारसा उपयोग होत नाही. मी बोटीच्या मध्याच्या मागे, उघड्यावर बसतो आणि नजर क्षितिजावर ठेवतो. मोबाइलच्या स्क्रीनमध्ये पक्षी शोधणारे सगळ्यात आधी आडवे होतात. आल्याची वडी माझ्या खिशात कायम असते.

बाकीचं थोडक्यात

जूनमध्येसुद्धा समुद्रावर स्वेटर आणि वारा अडवणारं जाकीट लागतं.

दुर्बीण आठ पटीची बस. बारा पटीची हलत्या बोटीवर नुसती थरथरते.

बोटीत लेन्स बदलू नका, खारं पाणी उडतं.

गलना वेफर्स टाकू नका. माणसांजवळ खायला मिळतं हे त्यांना शिकवलं की पुढचा त्रास पफिनना.

स्किपरला, म्हणजे बोट चालवणाऱ्याला, "अजून जवळ घ्या ना" म्हणून गळ घालू नका. कड्यावरचे पक्षी एकदम उडाले की गिलेमॉटची अंडी खाली घरंगळतात. तो जिथे थांबतो तिथे थांबण्यामागे कारण असतं.

एकाच दिवसात एडिनबरा, बँबरा किल्ला, लिंडिसफार्न आणि फार्न असा बेत करू नका. लिंडिसफार्न बेटाचा रस्ता भरतीत पाण्याखाली जातो, घाईत गाड्या अडकतात. शिवाय लाट मोठी असेल तर बोट सकाळीच रद्द होते आणि स्किपरशी वाद घालून समुद्र शांत होत नाही. लांबून येणाऱ्यांनी एक दिवस राखून ठेवावा. मी पाहुण्यांना एक रात्र इथेच मुक्कामाला थांबवतो.

आणि जून हुकलाच, तर ऑगस्टमध्ये मुलांना पफिनचं आमिष दाखवून आणू नका. सरळ शरद ऋतूत, ऑक्टोबर-नोव्हेंबरकडे या. तेव्हा या बेटांवर करड्या सीलची पांढरी पिल्लं जन्मतात, आणि चांगल्या हवेत निघणाऱ्या फेऱ्यांतून ती बोटीतून बघता येतात. तेव्हा हवा फार लवकर फिरते, म्हणून निघायच्या दिवशी सकाळी बोटवाल्यांना फोन करून मगच गाडी काढा.