गेन्शिन इम्पॅक्ट: अटॅक वाढूनही डॅमेज का वाढेना?

माझ्या मुख्य डीपीएसचा (म्हणजे सर्वाधिक डॅमेज देणाऱ्या पात्राचा) अटॅकचा आकडा झकास दिसत होता, पण बॉसचा हेल्थबार काही हलेना. मग वही काढली आणि गणित मांडलं.

या गेममध्ये अटॅकचे सगळे टक्के आधी आपसात बेरजेत जातात. अटॅक बोनस १५०% असताना त्यात ४६.६% टाकले, तर गुणक २.५ वरून २.९६६ होतो, म्हणजे वाढ जेमतेम १९%. तेच ४६.६% एलिमेंटल डॅमेज बोनसमध्ये (आग, पाणी अशा तत्त्वांच्या डॅमेजवरची वाढ), जिथे माझ्याकडे शून्य होतं, तिथे टाकले की थेट ४६.६% वाढ! कारण हा बोनस वेगळ्या खान्यातला. दोन्ही खान्यांचा गुणाकार होतो. मी अटॅकचा गॉब्लेट (पात्राला चढवायच्या आर्टिफॅक्टपैकी एक) उतरवून एलिमेंटचा चढवला. सबस्टॅट्स (मुख्य गुणाखालचे दुय्यम बोनस) त्याचे भिकार होते, तरीही फायदाच झाला.

मग क्रिट, म्हणजे अधूनमधून बसणारा जादा डॅमेजचा फटका. रेट म्हणजे तो बसण्याची शक्यता, क्रिट डॅमेज म्हणजे तेव्हाची जादा वाढ. सरासरी गुणक म्हणजे १ + क्रिट रेट × क्रिट डॅमेज. माझं होतं ४०% आणि १८०%, गुणक १.७२. सबस्टॅटमध्ये १% रेटच्या जागी २% डॅमेज मिळतो, त्या भावाने बदल करून ६५% आणि १३०% केलं, तर १.८४५. सुमारे ७% जास्त. स्क्रीनवरचे अजस्र आकडे थोडे लहान झाले, पण दिसू लागले वरचेवर.

सर्कलेट (डोक्यावरचा आर्टिफॅक्ट) मात्र रेटचा घ्यायचा की डॅमेजचा, हे आधीच ठरवू नका. हातातले सबस्टॅट बघून जे कमी पडतंय तेच चढवा. आणि रेट १००% च्या वर नेलात तर वरचं सगळं वाया.