बटणाएवढा सागरी शंख : अंबोनियम कसा ओळखावा, पाहावा आणि जपावा

कोकणातल्या सपाट पुळणींवर ओहोटीच्या वेळी शर्टाच्या बटणाएवढे चपटे, चकचकीत शंख आढळतात. अंबोनियम वेस्टिएरियम ही ती जाती. सजीवांना शास्त्रीय नावे देण्याची पद्धत रुजवणाऱ्या लिनियस या स्वीडिश शास्त्रज्ञाने १७५८ साली तिचे वर्णन केले. ‘वेस्टिएरियम’ या लॅटिन विशेषणाचा संबंध वस्त्रांशी आहे आणि ‘अंबो’ म्हणजे ढालीच्या मध्यावरचा उंचवटा, त्यामुळे शंख एकदा तळहातावर घेतला की दोन्ही नावे सहज लक्षात राहतात.

शोधासाठी अमावास्या किंवा पौर्णिमेच्या आसपासचा दिवस निवडावा, कारण उधाणाच्या दिवसांत ओहोटीचे पाणीही दूरवर जाते. पाणी पूर्ण ओसरण्याच्या तासभर आधी पोहोचावे आणि भरती लागताच मागे फिरावे. पावसाळ्यात हा उद्योग करू नये.

शंखाची रुंदी साधारण एक सेंटीमीटर असते. वेटोळी एकमेकांना इतकी घट्ट बिलगलेली असतात, की त्यांच्या सांध्यांची बारीक रेषाच काय ती दिसते. करडा, तपकिरी, गुलाबी, पिवळसर, नागमोडी रेघांचा, ठिपक्यांचा असे एकाच जातीत इतके प्रकार असतात, की केवळ रंगावरून जाती ठरवणे चुकीचे ठरेल. खात्रीसाठी शंख पालथा करावा. अनेक शंखांच्या तळाशी नाभीसारखी खोबण असते. इथे ती जागा गुळगुळीत, जाड थराने बुजलेली असते.

त्यानंतर तोंड पाहावे. तिथे पातळ, गोल, तपकिरी झाकण असेल तर आत गोगलगाय जिवंत आहे, आणि इवल्या नांग्या दिसल्या तर रिकाम्या घरात संन्यासी खेकडा राहायला आला आहे. दोघांनाही जिथे सापडले तिथेच ठेवावे. जिवंत प्राणी पाहायचाच असेल, तर पसरट ताटलीत बोटभर ओली वाळू आणि समुद्राचे पाणी घेऊन ती सावलीत ठेवावी व गोगलगाय अलगद वाळूवर सोडावी. ती पाय बाहेर काढून वाळूत शिरते, कारण तिचे आयुष्य वाळूच्या वरच्या थरात पुरून राहून पाण्यातले अन्नकण गाळून खाण्यात जाते. थोडा वेळ पाहून तिला परत सोडावे.

रिकामे शंख भिंगाखाली धरावेत. माझ्या मते या छंदाचा खरा आनंद इथेच आहे. एखाद्या शंखावर टाचणीने पाडल्यासारखे गोल भोक दिसते. त्याची कड बाहेरून रुंद आणि आत निमुळती असेल, तर ते नॅटिका कुळातल्या शिकारी गोगलगायीचे काम समजावे. ती आम्लयुक्त स्रावाने कवच मऊ करते आणि खरबरीत जिभेने ते खरवडून आतला जीव खाते. भोकाचे शंख टाकून न देता वेगळे ठेवावेत.

घरी आणलेले शंख गोड्या पाण्यात भिजवून मऊ ब्रशने पुसावेत आणि सावलीत वाळवावेत. व्हिनेगर किंवा लिंबू अजिबात वापरू नये. कवच कॅल्शियम कार्बोनेटचे असल्याने ते आम्लात विरघळते आणि चकाकी जाते ती कायमचीच. लाकडी खणातही ते ठेवू नयेत, कारण काही लाकडांतून निघणाऱ्या आम्लाच्या वाफेने कालांतराने शंखांवर पांढरी भुकटी धरते. काचेची डबी उत्तम. प्रत्येक डबीत पेन्सिलीने लिहिलेली चिठ्ठी हवीच : पुळणीचे नाव, तारीख, ओहोटीची वेळ, वाळू ओली होती की कोरडी, आणि शंख रिकामा सापडला की खेकड्याने सोडलेला. चिठ्ठी पुळणीवरच लिहावी. घरी पोहोचेपर्यंत दोन जागांचे शंख एकाच पिशवीत मिसळलेले असतात.