लिंबूवर्गीय फळझाडांवरची नागअळी: ओळख आणि बंदोबस्त

संत्रा-लिंबाच्या कोवळ्या पानावर चंदेरी, नागमोडी रेघ दिसली की ती नागअळीची समजावी. फायलोक्निस्टिस सिट्रेला हे तिचे शास्त्रीय नाव. याच कुळीतली फायलोक्निस्टिस सॅलिग्ना युरोपात विलोची पाने आणि कोवळी साल पोखरते. विलो म्हणजे आपल्या ओढ्याकाठच्या वाळुंजाच्या गोतातले झाड.

नागअळीचा पतंग जेमतेम २-३ मिमी लांब, पांढराशुभ्र, पंखाच्या टोकाशी काळा ठिपका. तो तिन्हीसांजेला आणि पहाटे उडतो, त्यामुळे नजरेस पडत नाही. अळीच शोधावी लागते.

जुन्या पानांवरच्या रेघा पाहून पंप उचलू नका. तिथली अळी केव्हाच पतंग होऊन गेलेली असते, आणि अळीमुळे गुंडाळलेले पानही झाडासाठी अन्न तयार करतच असते. मादी अंडी घालते ती ३ सेंमीपेक्षा लहान पानांवर, बहुधा खालच्या बाजूने मध्यशिरेजवळ. अंडे पाण्याच्या थेंबासारखे दिसते. म्हणून नवती (नवी कोवळी पालवी) फुटू लागली की दर ३-४ दिवसांनी १० पट भिंगातून कोवळे शेंडे पाहा. रेघेच्या टोकाशी पिवळसर अळी हलताना दिसली, तरच फवारणीचा उपयोग. अळी पानाच्या पापुद्र्याखाली असल्याने स्पर्शविष तिच्यापर्यंत पोचत नाही. बहुतेक फवारण्या फसतात त्या इथेच.

रोपवाटिका आणि ४ वर्षांखालील बाग एवढ्यांचीच खरी काळजी करावी. मोठे झाड हे नुकसान सोसते.

निंबोळी अर्क (५ टक्के), १०० लिटरसाठी:
१. ५ किलो वाळलेल्या निंबोळ्यांची भरड ९ लिटर पाण्यात रात्रभर भिजवा.
२. फडक्यातून पिळून गाळा. गाळण नीट झाली नाही तर नोझल तुंबते.
३. १ लिटर पाण्यात २०० ग्रॅम साबण विरघळवून त्यात मिसळा, मग एकूण १०० लिटर करा.
४. त्याच दिवशी, ऊन उतरल्यावर फवारा. उन्हात अर्काचा कस जातो. पानाची खालची बाजूही भिजली पाहिजे.

नवती कोवळी असेपर्यंत ७-८ दिवसांनी पुन्हा फवारा. अंगावर बुरशी आलेल्या किंवा वर्षापूर्वीच्या निंबोळ्या वापरू नका.

पाणसोट (सरळ, जोमाने वाढणारे फळ न देणारे फुटवे) वेळच्या वेळी काढा. अवेळी नत्र देऊ नका, नाहीतर मागेपुढे नवती फुटत राहते आणि अळीला सतत कोवळा पाला मिळतो. कागदी लिंबात जास्त जपावे, कारण पोखरलेल्या जागेतून खैऱ्या रोगाचे जिवाणू सहज आत शिरतात. पावसाळ्यात तिथे कॉपर ऑक्सिक्लोराइड ३ ग्रॅम प्रति लिटर फवारावे.

पानातल्या बोगद्यात, म्हणजे नागमोडी रेघेत, अळीऐवजी बारीक काळपट कोष दिसले, तर ते परोपजीवी गांधीलमाशीचे असतात. असे कोष बऱ्याच पानांत सापडत असतील तर रासायनिक फवारणी थांबवा. ती पाने तोडू नका, जाळू नका.