गृहकर्ज घेताना हप्ता नको, एकूण परतफेड बघा

‘हप्ता परवडतो ना, मग झालं’ या हिशोबात बहुतेक जण फसतात. व्याजदर 9 टक्के आणि मुदत 20 वर्षं धरली, तर 100 च्या कर्जापोटी शेवटपर्यंत सुमारे 216 भरावे लागतात. मुदत 30 वर्षं केली की हप्ता जेमतेम 11 टक्क्यांनी उतरतो, पण एकूण परतफेड 290 च्या घरात जाते. एवढ्याशा सवलतीसाठी हा सौदा महागच.

परतफेडीचा तक्ता बँकेकडून मागून घ्या आणि पहिलीच ओळ नीट वाचा. वरच्या 20 वर्षांच्या कर्जात पहिल्या हप्त्यातला सुमारे 83 टक्के भाग व्याजातच जातो. निम्मं मुद्दल फिटायला 14 वर्षं लागतात! म्हणूनच जास्तीचे पैसे सुरुवातीच्या वर्षांत भरले तरच खरा फायदा. दरवर्षी एक हप्ता जादा भरला, तर हेच कर्ज तीन वर्षांहून अधिक आधी फिटतं. मात्र हप्ता तोच ठेवून मुदत कमी करा, असं लेखी कळवा.

दर बदलता असेल तर आणखी सावध राहा. दर वाढला की बरेचदा हप्ता तोच राहतो आणि मुदत लांबते. याच कर्जाचा दर सुरुवातीलाच 10 टक्के झाला, तर 240 हप्त्यांचे सुमारे 314 होतात. प्रक्रिया शुल्क, विमा, मुदतपूर्व परतफेडीचा दंड हेही विचारून घ्या. विमा कर्जातच मिळवला असेल तर त्यावरही व्याज चढतं.